नक्षीचा ब्लेझर ‘शोभत नाही’ म्हणून कपाटात पडलाय? शिंप्याकडे देण्याआधी हे क्रमाने तपासा

दिवाळी झाली, बेळगावात सकाळची थंडी पडायला लागली, की माझ्याकडे ब्लेझर यायला सुरुवात होते. चौकड्याचे, रेघांचे, फुलाफुलांचे, आणि अलीकडे खणाचे. बेळगावच्याच शहापुरात घराच्या पुढच्या खोलीत मी अल्टरचं काम करते. सासर विणकरांचं, त्यामुळे कापड आधी हातात घेऊन बघायची सवय लागली आहे. आलेली बाई पिशवीतून ब्लेझर काढते आणि वाक्य जवळजवळ ठरलेलं असतं: “काकू, दुकानात चांगला दिसत होता ओ. घरी आणल्यापासून शोभेनासाच झालाय.”

प्लेन काळा ब्लेझर घेऊन हे वाक्य फारसं कुणी बोलत नाही. नक्षीचाच येतो. आणि आलेल्या ब्लेझरांपैकी बऱ्याच जणांना कात्री लावायची गरजच नसते. म्हणून मी ज्या क्रमाने तपासते तो क्रम इथे लिहिते आहे: आधी फुकटातलं, मग थोड्या पैशातलं, शेवटी शिंप्याचं.

आधी लक्षण ओळखा

आरशासमोर उभं राहून बघा, यातलं तुमचं कुठलं आहे ते.

- ब्लेझर भावाचा मागून आणल्यासारखा वाटतो.
- बटण लावलं की बटणापासून चारी दिशांना फुलीसारख्या सुरकुत्या पडतात.
- मागे कॉलर मानेला चिकटत नाही, मध्ये फट राहते.
- फोटोत चेहऱ्याआधी ब्लेझर दिसतो.
- एकाच पँटवर चालतो. जीन्सवर, कुर्त्यावर, साडीवर काही केल्या जमत नाही.
- ऑफिसात ठीक, पण रिसेप्शनला घातला की ऑफिसातून थेट आल्यासारखं दिसतं.
- साडीवर घातला की डावा खांदा उंच दिसतो.
- व्हिडिओ कॉलवर कापड लुकलुकतं.
- छातीवर किंवा लॅपेलवर (कॉलरच्या खाली पुढे उलटून पडणाऱ्या पट्टीवर) बारीक फुगे आलेत.

यातली पहिली तीन लक्षणं बसण्याची, म्हणजे मापाची. पुढची चार जोडणीची, म्हणजे त्याच्याबरोबर काय घातलं त्याची. व्हिडिओ कॉलचं कॅमेऱ्याचं. शेवटचं कापडाच्या आतल्या बिघाडाचं. लोक नेमकं इथे चुकतात. जोडणीचा दोष असताना माप बदलून घेतात आणि मापाचा दोष असताना नवीन पँट विकत आणतात.

नक्षीवरच ही तक्रार का येते, ते समजलं की पुढचं सगळं सोपं जातं. रेघांच्या वहीत अक्षर तिरकं गेलं तर लगेच दिसतं, कोऱ्या कागदावर तेवढं दिसत नाही. चौकड्याचं तसंच आहे. खांदा अर्धा इंच उतरलेला असला तर काळ्या कापडात तो खपून जातो. चौकड्यात आडवी रेघ तिथे वाकते आणि बघणाऱ्याची नजर बरोबर तिथेच जाते. म्हणून “मला नक्षी शोभतच नाही” हा निष्कर्ष इतक्यात काढू नका. नक्षीने फक्त दोष दाखवून दिलाय.

पहिली तपासणी: कच्चे टाके

याला एक पैसा लागत नाही. ब्लेझर उलटा करून पाठीच्या खालच्या टोकाचा कट बघा. बहुतेक रेडिमेड ब्लेझरांत त्या कटावर जाड दोऱ्याची फुली घातलेली असते. वाहतुकीत कट सुरकुतू नये एवढ्यासाठीच ती असते, ती उसवायची असते. फुली तशीच ठेवून घातलात तर बसता-उठता पाठीचं कापड ओढलं जातं, कट मोकळा पडत नाही आणि पाठीवरच्या उभ्या रेघा वाकड्या होतात. बाहीच्या कफावर बाहेरून कंपनीचं लेबल टाचलेलं असेल तर तेही काढायचं. खिशांची तोंडं शिवलेली असतील तर आत बोट घालून बघा: आत खरा खिसा असेल तरच उसवा, नुसती पट्टी असेल तर हात लावू नका.

निपाणीच्या एका प्राध्यापक बाईंनी दोन वर्षं फुलीसकट ब्लेझर वापरला होता. त्यांना वाटायचं पाठ रुंद झाली म्हणून ओढतोय. छोट्या कात्रीने चार टाके कापले, तेवढंच काम.

दुसरी: बटण आणि मूठ

दोन बटणांच्या ब्लेझरचं खालचं बटण लावायचं नसतं. तसा रिवाज आहे, आणि कापणीही त्याच हिशोबाने केलेली असते. दोन्ही लावलीत की कमरेखाली कापड ताणतं. एकच बटण असेल तर ते कमरेच्या सगळ्यात बारीक जागी आलं पाहिजे.

आता ते बटण लावा आणि बटणाच्या मागे, पोटावर, आपली मूठ घाला. मूठ बेताने मावली तर माप बरोबर. मावत नसेल आणि सुरकुत्यांची फुली दिसत असेल तर ब्लेझर घट्ट आहे. पण मग तो उघडाच घाला, उघडा घालण्यात काही कमी नाही. मूठ घालूनही जागा उरत असेल आणि बाजूंना उभ्या घड्या लोंबत असतील तर ढिला. ढिल्याला इलाज आहे, घट्टाला बहुतेक वेळा नाही. रेडिमेडच्या आत दाब, म्हणजे शिवणीच्या आतलं जादा कापड, फार कमी सोडलेला असतो, सोडवायला कापडच मिळत नाही. हे आत्ताच लक्षात घ्या, म्हणजे पुढे उगाच फेऱ्या पडणार नाहीत.

तिसरी: उजेड आणि मोबाईल

बाजारातल्या दुकानांतला पांढरा उजेड आणि आपल्या अंगणातला उजेड यांत रंग वेगवेगळे दिसतात. दुकानात राखाडी वाटलेला चौकडा घरी आल्यावर हिरवट निघतो, आणि मग कुठल्याच पँटला जुळत नाही. म्हणून ब्लेझर आणि त्याच्याबरोबर घालायचे कपडे दिवसा दारात नेऊन एकत्र ठेवून बघा. खडे बाजारात खरेदी करतानाही दुकानदाराला सांगून बाहेर पायरीवर नेऊन बघावं, कुणी नाही म्हणत नाही.

मग पूर्ण तयार होऊन कुणाला तरी सहा-सात फुटांवरून फोटो काढायला सांगा आणि मोबाईलमध्येच तो काळा-पांढरा करा. रंग गेले की खरी गोष्ट दिसते: कुठे गडद, कुठे फिकं. ब्लेझर, आतला टॉप आणि पँट तिन्ही एकाच राखाडीत मिसळले असतील तर तुमचा पेहराव ‘मळलेला’ का वाटत होता ते कळेल. ब्लेझरमध्ये काळं-पांढरं असं तीव्र अंतर असेल आणि बाकी सगळं फिकं असेल, तर फोटोत चेहऱ्याआधी ब्लेझर दिसणारच. उपाय ब्लेझर बदलणं हा नाही. आतला टॉप गडद करा म्हणजे अंतर कमी होतं.

ऑनलाइन मुलाखतीसाठी वेगळं सांगते. बारीक चौकडा, हाउंडस्टूथ (दातेरी चौकोनांची नक्षी), अगदी जवळजवळच्या रेघा कॅमेऱ्यावर लुकलुकतात, पाण्यावर तरंग उठल्यासारखे. कापडाची बारीक जाळी आणि कॅमेऱ्याची आतली जाळी एकमेकींवर पडली की असं होतं. ब्लेझरमध्ये काही दोष नाही. कॅमेरा थोडा लांब किंवा जवळ करून बघा, नाही थांबलं तर त्या दिवशी मोठ्या चौकड्याचा किंवा प्लेन घाला.

चौथी: वाफ

आपल्याकडे जून ते सप्टेंबर कपाटातली हवा ओली असते, खानापूरकडे तर विचारूच नका. चार महिने तारेच्या हँगरवर लोंबलेल्या ब्लेझरचे खांदे टोचून वर आलेले असतात, लॅपेल चपटी झालेली असते. असा ब्लेझर घालून “शोभत नाही” म्हणणं त्याच्यावर अन्याय आहे.

रुंद लाकडी किंवा प्लास्टिकच्या हँगरवर अडकवा. सुती पंचा ओला करून घट्ट पिळा, ब्लेझरवर पसरा, आणि इस्त्री मध्यम ठेवून पंचावर नुसती टेकवत जा. फिरवायची नाही. चौकड्याच्या कापडावर इस्त्री घसटली की चौकोन तिरके होतात. लॅपेलची घडी वरून कडक दाबू नका. ती गोल वळली पाहिजे, पुस्तकाच्या पानासारखी मोडता कामा नये. बुरशीचे ठिपके असतील तर आधी गॅलरीत नेऊन कोरड्या ब्रशने झाडा, ऊन दाखवा, मगच वाफ. ठिपक्यावर थेट इस्त्री टेकवलीत तर डाग पक्का बसायची भीती असते.

पाचवी: आत काय घातलंय

माझ्याकडे येणाऱ्या तक्रारींचं मूळ सगळ्यात जास्त वेळा इथे सापडतं, म्हणून यावर सावकाश लिहिते.

ब्लेझर पलंगावर पसरा आणि जवळून बघा. लांबून ‘तपकिरी चौकडा’ वाटणाऱ्या कापडात जवळून चार-पाच रंगांचे धागे असतात. परवाच एक ब्लेझर आला होता: लांबून मातकट. जवळून पाहिलं तर उंटाच्या रंगाची जमीन, तिच्यावर काळपट तपकिरी पट्टे, आणि दर दोन इंचांनी एकच एक बारीक निळा धागा. अगदी एकच धागा, सुईच्या जाडीचा. ती मुलगी वर्षभर त्याच्या आत पांढरा शर्ट घालत होती आणि पांढरा तर त्या कापडात कुठेच नव्हता. मी तिला म्हटलं, “तुझ्याकडे त्या धाग्याच्या रंगाचं काही आहे का गं?” दुसऱ्या दिवशी आईचा जुना निळा सुती कुर्ता घालून आली. ब्लेझर तोच, पण पाहणाऱ्याला वाटावं की कुर्ता आणि ब्लेझर एकत्रच शिवून घेतलेत.

नियम म्हणाल तर एवढाच: कापडात जो रंग सगळ्यात कमी आहे तो आत घाला, आणि जो सगळ्यात जास्त आहे त्याच्या जवळचा गडद रंग खाली घाला. कमी असलेला रंग आत आला की नजर कापडातले तेच धागे शोधते आणि नक्षीला कारण मिळतं. पांढरा शर्ट वाईट नाही. पण कापडात पांढरा धागा नसेल तर तो चुन्यासारखा उठून दिसतो. तिथे साय-रंगाचा किंवा फिका राखाडी बरा.

आतही नक्षीच घालायची असेल तर दोन नक्ष्यांचा आकार सारखा नको. मोठ्या चौकड्याच्या आत बारीक ठिपके चालतात, रुंद फुलांच्या आत अगदी बारीक रेघ चालते. दोन्ही मध्यम असले की एकमेकांशी भांडतात, आणि बघणाऱ्याला नेमकं काय खटकतंय ते सांगता येत नाही.

गळ्याकडेही बघा. ब्लेझरचा गळा इंग्रजी व्हीसारखा उघडतो. आतल्या कुर्त्याला बंद गळा, त्यावर ओढणी, त्यावर लॅपेल असं झालं की मान संपूनच जाते. कुर्त्यावर ब्लेझर घालायचा तर ओढणी घरी ठेवा. आणि कुर्त्याची लांबी ब्लेझरखाली एक वीतभर बाहेर आली की मधेच तुटल्यासारखं दिसतं. एक तर कुर्ता गुडघ्याच्या खाली असू दे, नाहीतर ब्लेझरच्या आत पूर्ण झाकला जाऊ दे.

सहावी: खाली काय घालायचं आणि कुठे जायचंय

प्रसंग बदलला की दरवेळी नवा ब्लेझर लागत नाही. ब्लेझर तसाच ठेवायचा, आजूबाजूचं बदलायचं.

मुलाखत, बँक, कोर्ट-कचेरी, कॉलेजातलं प्रेझेंटेशन: खाली गडद, सरळ, बिननक्षीची पँट, आत प्लेन. अंगावर नक्षी एकच असावी, म्हणजे बोलताना समोरच्याचं लक्ष तुमच्या तोंडाकडे राहतं. रोजच्या कामाला तोच ब्लेझर गडद निळ्या जीन्सवर, बाह्या एक घडी वर करून, बटण उघडं. जीन्स मात्र फाटकी-फिकी नको, चौकड्याशेजारी ती आणखीनच जुनी दिसते.

खानापूरहून सकाळच्या बसने येणाऱ्या मुली थंडीसाठी ब्लेझरच्या आत जाड स्वेटर घालतात आणि मग मुंढे, म्हणजे बाही खांद्याला जोडतात ती जागा, फाटायला येतात. आत पातळ थर्मल किंवा बारीक विणीचा स्वेटर घाला, जाडजूड शाल वरून घ्या. मुंढ्यापाशी अस्तर उसवून माझ्याकडे आलेल्या ब्लेझरांत आत जाड स्वेटर घातलेले बरेच असतात.

लग्न आणि रिसेप्शन. इथे आपल्या भागाला मोठी सोय आहे: इरकल आणि खण. इरकलीचं अंग बहुधा बारीक रेघांचं किंवा चौकटीचं, काठ रुंद आणि पदर रेशमी, लालभडक. चौकड्याचा ब्लेझर चौकटीच्या इरकलीवर घालू नका, वर सांगितलेलं भांडण तिथे हमखास होतं. प्लेन अंगाच्या इरकलीवर चौकडाही चालतो, पण सगळ्यात छान दिसतो तो खणाचा ब्लेझर. गुळेदगुड्डच्या खणाची बुट्टी बारीक असते, लांबून ती एका रंगासारखी वाटते आणि जवळ आल्यावर उमलते. संक्रांतीच्या हळदीकुंकवाला काळी साडी नेसतोच आपण, आणि जानेवारीत संध्याकाळी इथे थंडीही असते. काळ्या साडीवर काळा-पांढरा हाउंडस्टूथ ब्लेझर घालून बघा, दागिना मोत्याचा. मी हे पाच-सहा जणींना सुचवलं आणि त्या सगळ्या दुसऱ्या वर्षीही तसंच नेसल्या.

आता साडीवरचा तो उंच झालेला डावा खांदा. खांद्यावर पदराच्या सहा-सात निऱ्या, खाली ब्लाउजची बाही, वर ब्लेझरचं पॅड. एवढं सगळं एकावर एक आलं की खांदा वर येणारच, तो काही शिंप्याचा दोष नाही. दोन वाटा आहेत. पदर एकेरी मोकळा सोडून ब्लेझरच्या आत घ्या, म्हणजे जाडी पसरते. नाहीतर ब्लेझर आधी घाला आणि पदर वरून घेऊन लॅपेलच्या आतल्या बाजूने पिन लावा. पिन नक्षीच्या कापडातून आरपार काढू नका, भोक राहतं. फुग्याच्या बाहीचा ब्लाउज ब्लेझरखाली कधीच नको. साधी, अंगालगत, कोपराच्या वरची बाही. आणि निऱ्या खोचल्यामुळे कंबर भरते, म्हणून साडीवर बटण उघडं ठेवायचं.

सातवी: थोड्या पैशातले बदल

इतकं करूनही खटकत असेल तर आता थोडा खर्च करू.

बटणं बदला. नक्षीच्या ब्लेझरवर चकचकीत सोनेरी प्लास्टिकची बटणं लावलेली असतात, आणि कापड कितीही चांगलं असलं तरी त्यांच्यामुळे स्वस्त दिसतं. शिंगाच्या रंगाची, बिनचमकीची बटणं घ्या. जुनं बटण सोबत न्या आणि तेवढ्याच व्यासाचं घ्या, नाहीतर काजात बसणार नाही. मागच्या बाजूला देठ ठेवून शिवा, म्हणजे दोरा गुंडाळून बटण कापडापासून किंचित वर ठेवा. तसं न केल्यास लावलेलं बटण कापड आत खेचतं.

पॅड काढून बघा. अस्तर मुंढ्यापाशी तीन बोटं उसवलं की पॅड हाताला लागतं. कधी पूर्ण काढावं लागतं, कधी पातळ घालावं लागतं. कायमचं काढण्याआधी चार टाक्यांनी अस्तर परत टाचून घालून बघा, कारण काही ब्लेझरांचा खांदा पॅडवरच उभा असतो आणि काढल्यावर ढासळतो.

खिशाची झाकणं. झाकणावरचा चौकडा अंगाच्या चौकड्याशी जुळत नसेल तर तिथे सतत डोळा अडकतो. रेडिमेडमध्ये हे फार दिसतं, कारण नक्षी जुळवून कापायला जास्त कापड जातं. जुळवत बसू नका, जुळणारच नाही. त्याऐवजी झाकण काढून प्लेन गडद कापडाचं किंवा मखमलीचं लावा. ब्लेझरचं कापड थोडं शिल्लक असेल तर झाकण तिरपं कापून लावा. चौकोन मुद्दाम शंकरपाळ्यासारखे आले की न जुळण्याचा प्रश्नच राहत नाही.

आठवी: बाही आणि बाजू

हात सरळ सोडल्यावर बाही मनगटाच्या हाडापाशी संपली पाहिजे, शर्टाचा कफ अर्धा इंच दिसला तर उत्तम. लांब बाही हे ‘भावाचा ब्लेझर’ वाटण्याचं खांद्यानंतरचं दुसरं मोठं कारण, आणि त्यातल्या त्यात सोपं काम.

पण चौकड्यात बाही कुठून कमी करायची, हा मोठा प्रश्न आहे. सुरुवातीच्या वर्षांत माझ्या हातून एक ब्लेझर बिघडला तो इथेच. त्याच्या कफाला खरी काजं होती, ती वाचवायची म्हणून मी बाही वरून, मुंढ्यापासून, दीड इंच कमी केली. शिवण सुरेख झाली. बाईंनी घातल्यावर दोघींनाही दिसलं: छातीवरची आडवी रेघ बाहीवर गेली की दीड इंच वर चढत होती. आधी ती सरळ होती. बाही वर ओढली तशी तिच्यावरची सगळी नक्षी वर सरकली. मला ती रेघ आजही डोळ्यांसमोर दिसते. त्यांच्याकडून पैसे घेतले नाहीत, पण ब्लेझर परत पहिल्यासारखा झाला नाही, कापलेलं कापड कुठून आणणार?

तेव्हापासून नियम ठेवलाय. चौकड्याची बाही खालूनच कमी करायची. कफाची बटणं दिखाऊ असतील तर ती वर सरकवता येतात. खरी काजं असतील आणि बाही वरूनच कमी करावी लागणार असेल, तर जेवढा चौकडा तेवढंच, किंवा त्याच्या पूर्ण पटीत, कमी केलं तरच रेघ परत रेघेवर येते. दोन इंचांचा चौकडा आणि दोन इंच कमी करायचंय, तर जमेल. दीड इंच असेल तर नका करू. त्यापेक्षा बाही एक घडी दुमडून घाला. फुलांच्या नक्षीला आणि बारीक हाउंडस्टूथला ही अडचण एवढी येत नाही.

बाजू आत घ्यायच्या असतील तर कुशीकडच्या शिवणीतून घ्या. पाठीच्या मधल्या शिवणीतून घेतलं तर रेघांच्या ब्लेझरच्या मधल्या रेघा गायब होतात आणि पाठीवर वाट मोडल्यासारखी दिसते. एका बाजूला अर्धा इंच ठीक. त्याहून जास्त घेतलं की खिसे मागे सरकायला लागतात. आणि शिंप्याला आवर्जून सांगा: घेतलेलं कापड आत राहू दे, कापू नका.

इथे थांबा, हात लावू नका

खांदा. भिंतीला कुशीने टेकून उभ्या राहा. दंडाआधी ब्लेझरचा खांदा भिंतीला लागून चेपला तर खांदा मोठा आहे. खांदा लहान करायचा म्हणजे बाही काढायची, मुंढा नव्याने कापायचा, पॅड हलवायचं, अस्तर परत बसवायचं. चौकड्यात वर नक्षीही जुळवायची. हे काम अल्टरवालीचं नाही, माझंही नाही. कोट शिवणाऱ्या कारागिराचं आहे. आपल्या कॅम्पात आणि शहरात असे जुने कारागीर अजून आहेत. आधी मजुरी विचारा. ब्लेझरच्या किमतीच्या निम्म्याहून जास्त सांगितली तर मी सरळ सांगते, तो धाकट्या बहिणीला द्या.

मानेमागची फट. हीही त्यांच्याचकडे. कॉलर काढून पाठ वर उचलावी लागते.

लॅपेलवरचे फुगे. ब्लेझरच्या पुढच्या भागात कापडाला आतून फ्यूजिंग, म्हणजे गोंद लावलेला कापडाचा थर, चिकटवलेलं असतं. घरी पाण्यात धुतलं किंवा फार गरम इस्त्री टेकवली की गोंद सुटतो आणि फुगे येतात. छातीवरचं कापड चिमटीत धरून चोळून बघा: दोन थर वेगवेगळे हलताना जाणवले तर सुटलंय. फुगा एखादाच आणि नवा असेल तर चांगला ड्रायक्लीनर वाफेने दाबून बघू शकतो, तेही टिकेलच असं नाही. सगळ्या छातीवर आले असतील तर त्यावर एक रुपयाही घालू नका. घरी इस्त्री दाबून प्रयत्न तर मुळीच नको, त्याने फुगा कापडात कायमचा मोडतो.

खणाचा ब्लेझर असेल तर आणखी एक. खणाचा पन्हा, म्हणजे कापडाची रुंदी, कमी असतो, म्हणून पाठीत किंवा कडेला जोड येतोच. तो जोड म्हणजे दोष नव्हे, उसवायला सांगू नका. पण कापड आटवून न घेता शिवलेलं असेल तर पहिल्या धुण्यात ते आटतं आणि अस्तर खालून लोंबायला लागतं. अस्तर लोंबलेलं दिसलं तर कापड ओढून लांब करायचा प्रयत्न करू नका, अस्तर कमी करून घ्या. रंग सुटतो की नाही ते आतल्या दाबावर ओल्या पांढऱ्या फडक्याने घासून बघा. सुटत असेल तर कायम ड्रायक्लीन.

कसर लागून भोक पडलं असेल तर रफूवाल्याकडे जा, आणि भोकाभोवतीचे सुटे धागे ओढू नका, कापू नका. चौकड्यात रफू चांगला लपतो, पण त्याला त्याच ब्लेझरचे धागे लागतात. ते आतल्या दाबातून काढून घेतात, म्हणूनच वर कापड कापू नका म्हटलं.

कारागिराकडे जाताना ब्लेझर नुसता पिशवीत नेऊ नका. ज्या कपड्यांवर घालणार ते घालून जा, साडीवर घालणार असाल तर साडी नेसून, चपलाही त्याच. अंगावरच टाचण्या लावून घ्या, बटण लावून एकदा, उघडं ठेवून एकदा, आणि हात पुढे करून एकदा. टाचण्यांसकट मागून फोटो काढून घ्या आणि घ्यायला जाल तेव्हा तिथेच घालून त्या फोटोशी ताडून बघा.